उसनी शांतता

सिनेमा संपला, दिवे लागले, टाळ्या वाजायच्या तेवढ्या वाजल्या आणि सगळे वाचनालयाच्या मागच्या खोलीत चहाला गेले. रविवारची दुपार होती. असल्या माहितीपटाला जेवढी माणसं येतात तेवढी आली होती. त्यातली निम्मी एकमेकांच्या ओळखीची, उरलेली सिनेमा करणाऱ्याच्या. तो भिंतीला पाठ टेकून, कागदी पेला दोन्ही हातांत धरून उभा होता. कौतुक ऐकताना हातांचं काय करायचं हे त्याला एवढं आयुष्य सिनेमे करण्यात जाऊनही समजलेलं नव्हतं. तेवढ्यात एक नीटनेटका गृहस्थ समोर आला. गळ्यापर्यंत बटणं लावलेला शर्ट, खिशाला पेन, आणि शेजाऱ्याचं असतं तसं हसू.

"छान केलंय," गृहस्थ म्हणाला. "मेहनत दिसते."

तो मान खाली घालून काहीतरी पुटपुटला.

"त्या काळोखातल्या बाई बोलतात ना, त्यांच्या मागे एक शिट्टी आहे बघा. बारीक. ती आमची टाकी. कंपनीच्या वसाहतीतली. भरली की वाजते. आमच्याकडची पोरं झोपेतसुद्धा ओळखतील."

"शिट्टी?" त्याने विचारलं.

"तुम्हाला नाही ऐकू आली? तुमचाच तर सिनेमा." गृहस्थ मोकळेपणी हसला. "बरं वाटलं पण. एवढ्या लांब येऊन घरी गेल्यासारखं वाटलं." मग त्याने पेला टोपलीत टाकला, रुमालाने एकेक बोट पुसलं आणि "येतो" म्हणून निघून गेला. जाणारी माणसं येतो असंच म्हणतात. त्यात काही नसतं.

भीती पोटात येते असं पुस्तकांत लिहितात. त्याला ती नेहमी गुडघ्यांत येई. आताही आली. तो खुर्चीवर बसला, आणि पुढे जे कोणी येऊन बोलले त्यांना त्याने काय उत्तरं दिली ते त्याला नंतर आठवलं नाही. त्या काळोखातल्या बाईंसाठी त्याने आणि त्याच्या माणसांनी काय काय केलं होतं. तिला खिडकीकडे पाठ करून बसवलं होतं, म्हणजे नुसती आकृती दिसावी. आवाज खाली ओढून पुरुषी वाटेल इतका जाड केला होता. बोलताना ती कानाची पाळी चिमटीत धरायची, तेवढे सगळे तुकडे काढून टाकले होते. घड्याळ उतरवून ठेवलं होतं, भिंतीवरचा फोटो काढला होता, चपलासुद्धा दाराबाहेरून आत घेतल्या होत्या. ती रंगाची भुकटी बनवणाऱ्या कंपनीच्या दवाखान्यात नर्स होती. मुलं खोकत यायची, आणि वरून सांगणं होतं की धूळ लिहायची नाही, दमा लिहायचा नाही, 'ऋतुबदल' लिहायचं. वर्षभर ऋतू बदलतच राहिला, असं ती म्हणाली होती, आणि त्या वाक्याला आज सभागृहात कोणीतरी हसलंही होतं. एवढं सगळं झाकलं, आणि झाकल्यावर मागे जी उरली ती शांतताच बोलली.

बसमध्ये त्याने खिडकीची जागा सोडून आतली घेतली. का घेतली ते त्याला घरी पोचेपर्यंत कळलं नाही. भीती त्याला नवी नव्हती. नदीतली वाळू उपसणाऱ्यांवर त्याने सिनेमा केला होता तेव्हा गाडीच्या काचेवर दगड आला होता, आणि दगडामागोमाग तीन माणसं. पण ती भीती स्वच्छ होती. दगड होता, काच फुटली होती, माणसं शिव्या देत होती. जे जे घाबरवत होतं ते सगळं डोळ्यांसमोर होतं. शिवाय दगड त्याच्या काचेवर आला होता. ह्या गृहस्थाने काहीच केलं नव्हतं. त्याने बोटं पुसली होती. कदाचित तो खरोखरच शेजारी असेल, सिनेमाचा भला प्रेक्षक असेल, घरी जाऊन बायकोला सांगेल की आपली टाकी आज पडद्यावर आली. पण मग तो बायकोला सांगेल. बायको शेजारणीला सांगेल. भल्या माणसाच्या तोंडूनही गोष्ट तेवढ्याच वेगाने जाते, असं त्याला वाटलं. आणि मग असंही वाटलं की आपण एका भल्या माणसाविषयी उगाच वाईट चिंततो आहोत, आणि सिनेमे करून करून आपल्याला माणूस साधा म्हणून दिसेनासाच झाला आहे.

घरी आल्यावर तो सरळ मोरीपाशी गेला आणि भांडी घासू लागला. बायको औषधांच्या दुकानातून परत आली तेव्हा तो एकच पातेलं दुसऱ्यांदा घासत होता.

"कोणाला घाबरलास?" तिने पर्स अडकवत विचारलं.

"कोणाला नाही."

"अरे, तीस वर्षं संसार केलाय. आनंद झाला की तू झोपतोस, राग आला की पुस्तकं झाडतोस, आणि घाबरलास की भांडी. ह्या घरात भांडी सगळ्यात लख्ख होती ती तुझ्या त्या वाळूच्या सिनेमाच्या वेळी."

त्याने तिला शिट्टीचं सांगितलं. ती ऐकून घेऊन स्टुलावर बसली.

"पण ती बाई वसाहतीत राहत नाही ना? कालव्याच्या पलीकडे राहते म्हणाला होतास."

"आवाज पाण्यावरून जातो."

"एवढ्या लांब?"

"कोण जाणे."

"फोन कर तिला."

"करायचा नाही असं ठरलंय." ते तसं ठरलं होतं खरं. त्या नर्सबाईने, जिला तो मनात धाकट्या बाई म्हणे, निरोप घेताना सांगितलं होतं: फोन नाही, चिठ्ठी नाही, रस्त्यात दिसलात तरी मी ओळख दाखवणार नाही, वाईट वाटून घेऊ नका. त्याला वाईट वाटलं नव्हतं. उलट, कोणीतरी आपल्याला इतक्या स्पष्टपणे न ओळखण्याचं वचन देतं आहे, ह्याचं त्याच्यासारख्या संकोची माणसाला बरंच वाटलं होतं. आता त्या वचनाची दुसरी बाजू समोर आली. संकट येत असलं तरी तो तिला सांगू शकत नव्हता. त्याने कॉम्प्युटर उघडून तो भाग लावला, कान पडद्याजवळ नेला. धाकट्या बाई बोलत होत्या. त्यांच्या मागे खोली होती, हवा होती. शिट्टी नव्हती.

"आहे की," बायको मागून म्हणाली. "बारीक. सुईसारखी. तुला येत नाहीये ऐकू?"

त्याने तो भाग पुन्हा लावला. बायकोने पुन्हा विचारलं नाही, आणि तिचं ते न विचारणं त्याला जास्त लागलं.

सकाळी तो कानसेनच्या स्टुडिओत गेला. कानसेन म्हणजे त्याची ध्वनिमुद्रक. हे नाव त्यानेच तिला पहिल्या सिनेमाच्या वेळी दिलं होतं, आणि आता तिच्या सख्ख्या भावंडांनाही तिचं खरं नाव पटकन आठवत नसे. स्टुडिओ तळघरात होता, वर मोटार शिकवण्याचं दुकान होतं. जिना उतरताना त्याला आईची आठवण झाली. त्याचे वडील छापखान्यात होते. संध्याकाळी ते जिना चढू लागले की आई हातातलं काम थांबवून ऐके. पावलांवरून तिला कळे की आज दिवा लावून सगळ्यांनी जोरजोरात बोलायचं आहे की पुस्तक पुढ्यात घेऊन गप्प बसायचं आहे. वडिलांनी कधी कोणावर हात टाकला असं नव्हे. पण घरातली हवा बदले. त्या हवेला काही आवाज असतो हे त्याला आईकडून कळलं. सिनेमात आल्यावर त्याने पाहिलं की मुलाखत संपल्यावर त्या खोलीची रिकामी शांतता मिनिटभर घेऊन ठेवतात, म्हणजे पुढे बोलणं कापून जोडताना सांधे झाकता येतात. सगळे ती शेवटी घेतात, तो सुरुवातीला घेऊ लागला. आधी सगळ्यांनी मिळून गप्प बसायचं, मग बोलायचं. माणसं त्याने निवळतात, यंत्राची भीती जाते, असं तो सांगे. खरं म्हणजे भीती त्याची स्वतःची जायची. अनोळखी माणसाच्या घरात शिरून त्याला दुःख विचारायचं, ह्याचा धीर त्याला त्या एका मिनिटात गोळा करता यायचा.

"ऐकलीय की," कानसेन म्हणाली. कानांवरचे हेडफोन तिने गळ्यात ओढले. "पहिल्या दिवसापासून ऐकतेय. म्हणजे तू मला आता विचारतोयस?"

"मला वाटलं नव्हतं की..."

"तुला विचारलं होतं मी. ह्याच खुर्चीत बसला होतास. म्हटलं, वर ती बारीक आवाजाची रेघ आहे ती ठेवू की काढू? तू डोळे मिटलेस आणि म्हणालास, ठेव, सुंदर आहे. मला वाटलं, म्हाताऱ्याला कविता सुचली. ठेवली."

त्याला तो क्षण आठवला. तिने विचारलं होतं, आणि त्याला वर कोणतीही रेघ ऐकू आली नव्हती. पलीकडे ती त्याच्या तोंडाकडे बघत होती. नाही ऐकू येत, एवढंच म्हणायचं होतं. पण ज्या माणसाने आयुष्यभर लोकांना शांतता ऐकायला लावली त्याने असं कसं म्हणायचं, म्हणून त्याने डोळे मिटले होते. डोळे मिटले की माणूस ऐकतो आहे असं वाटतं.

"अरे, काय झालं काय? बस. पाणी घे." तिने पडद्यावरच्या रंगीत पट्ट्या वरखाली केल्या. "आणि त्या गृहस्थाने टाकी ओळखली तर त्यात त्या बाईचं काय जाणार आहे? शांतता तिच्या घरची नाहीच ही."

"म्हणजे?"

"तिच्याकडे शेजारी भिंत फोडत होते, विसरलास? बोलणं कसंबसं साफ केलं, पण शांतता एक सेकंद धड मिळाली नाही. तूच म्हणालास, त्या थोरल्या बाईंच्या घरची वाया गेलीय, ती वापर. म्हणून ही उसनी घेतली. तुझ्या धाकट्या बाई सुखरूप आहेत, बाबा. जा, घरी जाऊन जेव."

ती हसत होती, आणि हसताहसता थांबली. त्याच्या चेहऱ्यावर काय दिसलं असेल ते असो. तिलाही ते कळलं, आणि तिने हेडफोन काढून टेबलावर ठेवले. वर एक मोटार सुरू होऊन बंद पडली, पुन्हा सुरू झाली.

"त्या तर बोलल्याच नव्हत्या," ती म्हणाली.

थोरल्या बाई बोलल्या नव्हत्या. त्यांच्याकडे ते धाकट्या बाईंच्याही आधी गेले होते. दवाखान्यातून निवृत्त झालेल्या नर्स, वसाहतीतल्या टाकीसमोरच्या इमारतीत दुसऱ्या मजल्यावर राहणाऱ्या. मुलगा कंपनीत कामाला म्हणून घर अजून हातात. त्यांनी दार उघडलं होतं, पंखा लावला होता, पाणी दिलं होतं. त्याने नेहमीप्रमाणे सांगितलं होतं की आधी आपण थोडं गप्प बसू. बाई गप्प बसल्या. हात मांडीवर ठेवून, शाळेत फोटो काढताना बसतात तशा. अशी शांतता त्याला फार दिवसांत मिळाली नव्हती. तिच्यात काहीतरी भरत चाललं आहे असं त्याला वाटलं होतं. मिनिट संपलं तशा त्या उठल्या आणि म्हणाल्या, "माझं झालं. पोरगा कंपनीत आहे. तुम्ही समजून घ्या." त्यांनी समजून घेतलं, वायरी गुंडाळल्या. ज्या बाईने तोंडातून शब्द काढला नाही तिच्या खोलीत बसून आता दुसरी बाई बोलत होती, आणि ज्यांना ती खोली ठाऊक होती त्यांना तिथे कोण राहतं हेही ठाऊक होतं.

वसाहतीच्या फाटकावर त्याला कोणी अडवलं नाही. अडवलं असतं तर बरं, असं वाटण्याइतका तो घाबरलेला होता. म्हणजे परत फिरता आलं असतं आणि दोष पहारेकऱ्याला देता आला असता. पहारेकऱ्याने त्याच्याकडे पाहिलं, खांद्यावरच्या पिशवीकडे पाहिलं आणि मान हलवली, जणू तो येणार हे ठरलेलंच होतं. रस्ते सरळ होते, झाडं सारख्या उंचीवर छाटलेली होती, सगळ्या इमारतींना एकच पिवळा रंग दिलेला होता. दोऱ्यांवर कपडे वाळत होते. पांढऱ्या कपड्यांवर कुठेकुठे फिकट निळा डाग होता, धुतल्यावरही राहणारा. टाकी चार पायांवर उभी होती. त्याने मान वर करून पाहिलं आणि कान देऊन ऐकलं. एका बाईने लगबगीने गॅलरीत येऊन नळ बंद केला, तिच्या खालच्या मजल्यावरही कोणीतरी केला. म्हणजे शिट्टी वाजत असणार. सगळ्या वसाहतीला ऐकू येणारी गोष्ट त्याला एकट्याला ऐकू येत नव्हती, आणि ज्याला ऐकू येत नाही अशा माणसाला आता कोण मागून येतं आहे तेही कळणार नाही, असं त्याच्या मनात आलं. त्याने वळून पाहिलं. मागे कोणी नव्हतं. जिन्यात त्याने पुन्हा वळून पाहिलं.

थोरल्या बाईंनी दार उघडलं. त्या दचकल्या नाहीत.

"या," त्या म्हणाल्या. "तुम्हीच राहिला होतात. बाकीचे येऊन गेले."

खोली तीच होती. पंखा बंद होता. त्यांनी त्याला बसायला सांगितलं नाही, पण तो बसला.

"कोण आले होते?"

"कल्याण अधिकारी. कामगारांचं कल्याण करतात ते. त्यांच्यासोबत आणखी एक होता, तो काही बोलला नाही, नुसतं घर बघत होता. फोनवर तुमचा सिनेमा दाखवला. कोणीतरी तिथे बसून गुपचूप उतरवलेला, मध्ये मध्ये कोणी खोकत होतं. मी म्हटलं, ही मी नाही. ते म्हणाले, आवाज बदललाय बाई, टाकी कशी बदलाल?"

"तुम्ही सांगितलंत ना, की तुम्ही बोलला नाहीत?"

"सांगितलं. म्हटलं, मी नुसती गप्प बसले होते. ते म्हणाले, असं का? कोणासमोर?" बाईंनी पदराने कपाळ पुसलं. "झालं. इतकी वर्षं डॉक्टरांची बोलणी खाल्ली, तोंडातून वावगा शब्द गेला नाही, आणि एवढ्याशा प्रश्नाला फसले."

तो म्हणाला की चूक त्याची आहे. तो म्हणाला की शांतता त्यांची होती आणि बोलणं दुसरीचं. सांधे झाकायला अशी घेतात, सगळेच घेतात, असंही तो म्हणाला, आणि म्हणतानाच त्याला ते ऐकवेना. बाई त्याच्याकडे बघत राहिल्या. समजून घ्यायचा प्रयत्न त्या खरोखर करत होत्या, आणि तो प्रयत्न बघणं त्यांच्या रागापेक्षा कठीण होतं.

"म्हणजे माझं न बोलणं तुम्ही तिच्या बोलण्याखाली अंथरलंत," त्या शेवटी म्हणाल्या.

"हो."

"मी नाही म्हटलं होतं तुम्हाला. पाणी दिलं आणि नाही म्हटलं. माणसाने नाही म्हटलं तर ते नाहीच राहावं एवढीसुद्धा सोय नाही का तुमच्या धंद्यात?"

"मी जातो त्यांच्याकडे," तो म्हणाला. "अधिकाऱ्यांना सगळं समजावून सांगतो. लिहून देतो."

"जा की. ते विचारतील, मग बोललं कोण? दवाखान्यात नर्सा किती होत्या? आम्ही दोघी. एक मी. दोनातून एक गेला की काय राहतं ते बालवाडीतलं पोर सांगेल." बाईंचा आवाज खाली आला. "ती कोण ते मला पहिल्याच वाक्याला कळलं. शीर कशी शोधायची ते मीच शिकवलंय तिला. घाबरली की 'म्हणजे असं बघा' म्हणते, तेव्हाही म्हणायची. सकाळी त्यांनीही विचारलं. तुम्ही नाही तर कोण, सांगा, म्हणजे प्रश्न मिटेल. मी म्हटलं, साहेब, मला हल्ली कमी ऐकू येतं. म्हातारपणाचा तेवढाच फायदा." त्या थांबल्या. "तेव्हा नाही सांगितलं. उद्या परत आले तर सांगणार नाही असं नाही हं. मी काही देवी नाही. मला एक पोर आहे."

हे त्याने अपेक्षिलं नव्हतं, आणि तरी त्याला वाटलं की हेच एक वाक्य सकाळपासून सगळ्यांत खरं आहे. त्याच्या सिनेमांत माणसं धीट असत. ती धीट होती म्हणून सिनेमात असत; जी घाबरून नाही म्हणत ती कापली जात, आणि मग पडद्यावर बघणाऱ्याला वाटे की अन्याय झाला की माणूस उठून उभा राहतोच. आपण आयुष्यभर घाबरलेल्या माणसांना वगळत आलो, असं त्याच्या मनात आलं, आणि आपण स्वतः त्यांतलेच. पण हाही विचार पुस्तकी असेल, असं वाटून त्याने तो सोडून दिला. ह्या क्षणी त्याचा उपयोग ह्या खोलीत कोणालाच नव्हता.

"पोरगा सुटला असेल एव्हाना," बाई म्हणाल्या. त्या दाराकडे बघत होत्या. "पाळी संपली की सरळ घरी येतो. त्याला अजून माहीत नसेल. किंवा असेल."

मग दोघं बसून राहिली. त्याला जावंसं वाटत होतं, पण आत्ता गेलं तर जिन्यात त्यांच्या मुलाशी गाठ पडेल आणि त्याला ओलांडून खाली उतरावं लागेल. बाईंनी हात मांडीवर ठेवले होते. त्याची आई बसायची तशी मान किंचित कलती होती. खाली कोणीतरी जिना चढू लागलं. हे मात्र त्याला ऐकू आलं. जड आवाज त्याला अजून येत होते. पावलं पहिल्या मजल्यावर थांबली. पावलं पुन्हा निघाली, सावकाश, एकेका पायरीवर दोन्ही पाय टेकवत, काहीतरी अवघड उचलून आणावं तशी.

मुलाच्या हातात प्लास्टिकची मोठी पिशवी होती. पिशवीतून लोखंडी टोकाचे बूट दिसत होते, डबा दिसत होता, दाढीचा छोटा आरसा आणि दांडी तुटलेला एक मग. त्याने ती दाराशी ठेवली.

"लॉकर रिकामा करायला सांगितला," तो आईला म्हणाला.

"का?"

"कारण नाही सांगितलं. चहा पाजला आणि सांगितलं."

"आणि घर?"

"महिनाअखेर." मग त्याने पाहुण्याकडे पाहिलं. "हे कोण?"

"सिनेमावाले," बाई म्हणाल्या. त्या उभ्या राहिल्या होत्या. "बाळा, मी ह्यांच्यापाशी बोलले नाही. तुझ्या गळ्याची शपथ. हेही सांगतील. सांगा ना हो त्याला."

"नाही बोलल्या," तो म्हणाला. "एक शब्दही नाही. आमची चूक झाली."

मुलगा आईकडे बघत राहिला. त्याच्या भुवयांत निळी भुकटी बसलेली होती. वर्षानुवर्षांची असेल, किंवा आजचीच. तो आता अंगावर येईल अशी त्या सिनेमावाल्याची खात्री झाली आणि त्याने नकळत आपली पिशवी छातीशी धरली. मुलगा अंगावर आला नाही. तो दाराला पाठ लावून खाली बसला आणि पायातले बूट सोडू लागला.

"गेटपासून इथपर्यंत मला वाटत होतं, तू बोललीस," तो नाडीकडे बघत म्हणाला. "सगळे माझ्याकडे बघत होते. कोणी बोललं नाही, पण रस्ता देत होते. मला वाटलं, आई बोलली. घर जाईल, जाऊ दे. फार बरं वाटत होतं, आई."

बाईंनी पिशवीतला मग उचलून बाजूला ठेवला.

"नोकरी तर गेलीच," मुलगा म्हणाला. "मग आता बोल."

"आज यंत्रं आणलेली नाहीत," सिनेमावाला घाईघाईने म्हणाला. त्याला सुटल्यासारखं वाटलं, आणि सुटल्यासारखं वाटल्याची भीतीही वाटली. "हे असं घाईत नको. आपण नीट विचार करू. एखाद्या वकिलांना विचारू. चेहरा दाखवायचा की नाही, काय म्हणायचं, काय नाही..."

"उद्यापर्यंत माझा धीर टिकायचा नाही," बाई म्हणाल्या. त्या खुर्चीवर बसल्या. उजेड तोंडावर येईल अशी त्यांनी खुर्ची खिडकीकडे वळवून घेतली. "फोन असेल ना तुमच्याकडे? त्यावर होत नाही का?"

होत होतं. त्याने खिशातून फोन काढला. बोटं घामाने ओली होती, काचेला ती कळेनात. त्याने बोट शर्टाला पुसलं, पुन्हा टेकवलं, पुन्हा पुसलं. थांबा, असं त्याला म्हणायचं होतं. त्याच्यापुढे आजवर जी जी माणसं बोलली ती त्याने विचारल्यावर बोलली होती. हिला विचारण्याचा त्याला आता काही अधिकार उरला नव्हता, आणि हिला थांबवण्याचाही नव्हता. एवढं ऐकल्यावर पुढे काय करायचं हे त्याला माहीत नव्हतं. जायचं म्हटलं तर दाराला तिचा मुलगा टेकून बसला होता.

"पहिलं पोर आलं ना," बाईंनी सुरुवात केली, "तेव्हा त्याच्या आईला मी म्हटलं होतं, थंडी बाधली असेल. मला माहीत होतं. त्या दिवशी माझ्यावर कोणी वरून दबाव आणला नव्हता. 'ऋतुबदल' हा शब्द त्यांचा नाही. तो माझा."

त्याने फोन खाली ठेवला, हात पँटवर खसाखसा पुसले आणि पुन्हा उचलला. बाई त्याच्यासाठी थांबल्या नाहीत.